न पाहिलेल्या देशांची ताटं

रेडिओवर ताट दाखवता येत नाही. म्हणून आधी त्याचं वर्णन करतो. पांढरंशुभ्र, पातळ, चिनी मातीचं जेवणाचं ताट आहे. कडेला बारीक सोनेरी नक्षी. मधोमध युरोपातल्या कुठल्याशा सरदार घराण्याचं मानचिन्ह: ढाल, तिच्यावर शिरस्त्राण, दोन्ही बाजूंना वेलबुट्टी. आणि त्या ढालीवर, रंगांच्या जागी, सुबक हातानं त्या रंगांची नावंही लिहिलेली आहेत. इथे 'लाल', तिथे 'निळा', अर्थात गिऱ्हाइकाच्या भाषेत.

झालं होतं ते असं. घराण्याच्या मालकानं आपलं चिन्ह शाईनं कागदावर काढलं आणि कुठे कोणता रंग भरायचा ते शब्दांत लिहून कागद जहाजानं चीनला धाडला. तिथल्या चित्रकाराला ती लिपी येत नव्हती. कागदावर जे दिसलं ते त्यानं ताटावर उतरवलं, सूचनांसकट. दोन वर्षांनी पेट्या फुटल्या, आणि घरातल्या मंडळींची तोंडं कशी झाली असतील त्याची आपण कल्पना करू शकतो. असे नमुने थोडे आहेत, पण संग्रहांत जपलेले आहेत. चीनहून पाश्चात्त्यांसाठी बनवून गेलेल्या भांड्यांचा विषय निघाला, की हा किस्सा सांगितला जातोच. 'बघा, डोकं न चालवता नक्कल करणारे लोक' असं म्हणून हसतात.

पहिल्यांदा वाचलं तेव्हा मीही हसलो. मग मला माझा मामू आठवला.

मामू आमच्या तालुक्याच्या गावी दुकानांच्या पाट्या रंगवायचा. शिक्षण मराठी चौथी. पण पाट्या मराठी, इंग्रजी, गुजराती, उर्दू, सगळ्या. गिऱ्हाईक कागदावर लिहून द्यायचं. मामू पत्र्यावर खडूनं रेघा मारायचा आणि एकेक अक्षर चित्रासारखं मोठं करत न्यायचा. एकदा एका गुजराती व्यापाऱ्याच्या कागदावर, पेन चालतंय की नाही ते बघायला मारलेला एक फराटा होता. मामूनं तो अक्षराचाच भाग समजून झकास पिवळ्या ऑईलपेंटमध्ये उतरवला, वर काळी सावलीही दिली. व्यापारी भडकला, पैसे कापले. मामू घरी येऊन म्हणाला, "त्याच्या कागदावरचं लिहिलेलं कुठलं आणि सांडलेलं कुठलं, ते मला कसं कळावं?"

या प्रश्नाचं उत्तर मला अजून सापडलेलं नाही. पण चिनी मातीच्या या व्यापाराकडे मी तेव्हापासून मामूच्या बाजूनं बघतो.

चीनच्या जिआंग्शी प्रांतात जिंगडेझेन नावाचं गाव आहे. डोंगर, नद्या आणि जळाऊ लाकूड यांच्या आधारानं तिथे शतकानुशतकं भट्ट्या पेटत राहिल्या. चिनी माती म्हणजे एकच माती नव्हे. एक पांढरी मऊ माती, जिला त्या परिसरातल्या गाओलिंग टेकडीवरून जगभर 'केओलिन' हे नाव पडलं. आणि दुसरा एक दगड, कुटून पूड केलेला. दोन्ही मळून, घडवून सुमारे १३०० अंश सेल्सिअसपर्यंत भाजलं, की काचेसारखं टणक, उजेडात धरलं तर किंचित पारदर्शक दिसणारं भांडं तयार होतं. आपल्या घरातली लोणच्याची बरणी हिची दूरची, जाडजूड बहीण. तिला आपण चिनी मातीची म्हणतो खरं, पण उजेड तिच्यातून जात नाही.

या गावात फ्रान्स्वा झेवियर दांत्रकोल नावाचा एक फ्रेंच जेझुइट पाद्री होता. त्यानं १७१२ आणि १७२२ मध्ये मायदेशी दोन लांबलचक पत्रं लिहिली. युरोपला हे भांडं कसं बनतं याचं कोडं होतं आणि पाद्रीबाबांनी धर्मप्रसाराबरोबर ही हेरगिरीही मन लावून केली. तिथे तीन हजार भट्ट्या असल्याचं तो सांगतो. एक मजेदार गोष्टही देतो. काही युरोपियनांनी नुसता दगड विकत नेला, केओलिन नेलं नाही, आणि भांडं काही जमेना. हे ऐकून एक चिनी व्यापारी म्हणाला, की यांना हाडांवाचून नुसत्या मांसाचं शरीर उभं करायचंय!

पण मला या पत्रांत थांबवून ठेवतात ती माणसं. एक भांडं तयार होईपर्यंत सत्तर जणांच्या हातांतून जातं, असं तो लिहितो. चित्र काढणाराही एक नव्हे. एक जण आयुष्यभर काठाजवळची रंगीत रेघ ओढतो. दुसरा फुलांची बाह्यरेषा काढतो, तिसरा ती भरतो. डोंगर आणि पाणी एकाचं, पक्षी आणि जनावरं दुसऱ्याचं. आंधळी आणि पांगळी माणसंसुद्धा रंग खलून पोट भरतात. हे चित्रकार इतर मजुरांइतकेच गरीब आहेत, हेही त्यानं नोंदवलंय. आणि पुढे त्यांच्या कलेला काही शास्त्र नाही, नुसता सराव आहे, असा शेराही मारलाय. सत्तर हातांत वाटलेल्या कामात एकाच्या हाताशी शास्त्र कुठून राहणार, हा विचार पाद्रीबाबांना सुचला नाही. तो सुचायला बहुधा मजुरी करून पाहिलेली असावी लागते.

भट्टीच्या देवाची कथाही त्यांनीच ऐकून लिहिली. बादशहानं एक अशक्य नमुना मागितला. भट्टीतून तो काही धड निघेना, कामगारांना फटके बसू लागले. शेवटी एकानं वैतागून स्वतःला भट्टीत झोकून दिलं आणि त्या खेपेला भांडी निर्दोष निघाली. त्या कामगाराचा पुढे देव झाला. ही मागणी बादशहाची होती. पण पत्रात त्याच्या आगेमागेच युरोपियन व्यापाऱ्यांच्या अवघड नमुन्यांची तक्रार येते. युरोपियनांनी नापसंत केलेला माल चीनमध्ये कोणी घेत नाही, कारण तो तिथल्या आवडीचा नसतो, हेही येतं. म्हणजे गिऱ्हाइकानं नाक मुरडलं, की नुकसान घडवणाऱ्याच्या डोक्यावर.

आता हा व्यापार सुरू कसा झाला ते थोडक्यात सांगतो. परक्याच्या आवडीप्रमाणे भांडी बनवणं जिंगडेझेनला युरोपनं शिकवलं नाही. त्याच्या कितीतरी आधी, चौदाव्या शतकात, पश्चिम आशियातल्या बाजारांसाठी तिथे मोठमोठी थाळी बनत होती, अनेकांनी एकत्र बसून जेवण्याजोगी. आणि ज्या निळ्या रंगामुळे चिनी भांडी ओळखली जातात, तो कोबाल्टचा निळा रंगही सुरुवातीला इराणकडून येत असे. चिनी भाषेत त्याच्या एका जातीला जे नाव पडलं, त्याचा अर्थ 'मुसलमानी निळा'. हे वाचून मला बरं वाटलं, खोटं कशाला सांगू?

पोर्तुगीज १५१३ मध्ये चीनच्या किनाऱ्याला लागले आणि १५५७ मध्ये मकावला स्थिरावले. गोवा त्यांच्या या वाटेवरचं ठाणं. जुन्या गोव्यातल्या सेंट ऑगस्टीनच्या भग्न मठाच्या उत्खननात चिनी भांड्यांचे तुकडे सापडले ते त्यामुळेच. पोर्तुगालच्या राजाचं चिन्ह असलेली सोळाव्या शतकाच्या आरंभीची एक सुरई आहे. तिच्यावर ते राजचिन्ह चक्क उलटं रंगवलेलं आहे, डोकं खाली. कागद कोणत्या बाजूनं धरायचा हे कोणी सांगितलं नसणार.

मग डच आले. १६०३ मध्ये सिंगापूरजवळ त्यांनी 'सांता कातारिना' हे पोर्तुगीज जहाज पकडलं आणि त्यातला माल अॅमस्टरडॅमला लिलावात काढला. त्यातल्या चिनी भांड्यांनी युरोपच्या धनिकांना वेड लावलं. १६३५ मध्ये डच कंपनीनं लाकडाचे कातलेले नमुनेच पाठवले: मोहरीचं भांडं असं हवं, मिठाचं असं. चिनी कारागिरानं मोहरी वाटून मांसाबरोबर खाताना कोणाला पाहिलं नव्हतं. लाकूड पाहिलं आणि तसं घडवलं. चहाच्या पेल्याला कान हाही पाश्चात्त्यांचाच हट्ट. चिनी पेला बिनकानाचा.

कपाच्या कानाचं निघालं म्हणून सांगतो. माझ्या लहानपणी एका घरी मी मित्राकडे अभ्यासाला जायचो. तिथे माझ्यासाठी कान तुटलेला एक कप वेगळा, बाहेरच्या कोनाड्यात ठेवलेला असे. चहा मात्र त्या माउलीच्या हातचा फार चांगला असायचा. असो.

अठराव्या शतकात हा व्यापार अफाट वाढला. दोन शतकांत एकट्या डच कंपनीनं चार कोटींहून अधिक नग नेले, असा अभ्यासकांचा अंदाज आहे. सॅक्सनीचा शासक ऑगस्टस तर या भांड्यांचा इतका वेडा, की १७१७ मध्ये प्रशियाच्या राजाला त्यानं ६०० घोडेस्वार सैनिक दिले आणि १५१ चिनी भांडी घेतली. त्या सैनिकांना कुणी विचारलं असेल, असं वाटत नाही. ब्रिटिश घराण्यांनी आपापली मानचिन्हं रंगवून घेतलेले जेवणाचे संच चार हजारांच्या वर भरतात.

माल जायचा कसा? जिंगडेझेनहून होडीनं पोयांग सरोवरात, तिथून गान नदीच्या प्रवाहाविरुद्ध दक्षिणेला, मग मेइलिंगची खिंड हमालांच्या खांद्यावरून, आणि पलीकडे बेई नदीनं खाली कँटनला. पुढे जहाजानं पुन्हा सहा महिने. १७५७ पासून पाश्चात्त्यांना समुद्रमार्गे व्यापाराला कँटन हे एकच बंदर खुलं होतं. तिथेही शहराच्या तटाबाहेर, नदीकाठच्या वखारींत राहायचं, तेही मोसमापुरतं. त्यामुळे सोयीसाठी बरीच भांडी जिंगडेझेनहून कोरी पांढरी आणायची आणि गिऱ्हाइकाच्या नमुन्याप्रमाणे रंग कँटनमध्ये भरून पुन्हा मंद आचेवर भाजायची, अशी रीत पडली.

१७६९ मध्ये विल्यम हिकी नावाचा एक उमदा इंग्रज तरुण असा एक कारखाना पाहायला गेला. एका लांब दालनात शंभराहून जास्त माणसं भांड्यांवर चित्रं काढत बसली होती. काही अगदी वृद्ध. आणि काही सहा-सात वर्षांची मुलं. हिकीनं आठवणींत ते सहज सांगून टाकलंय. लंडनच्या मेजवानीत सूप संपल्यावर तळाशी जो गुलाब दिसायचा, तो कदाचित अशा एखाद्या पोरानं काढलेला असेल.

काय काय रंगवलं या लोकांनी! शिकारीचे कुत्रे, जहाजं, ग्रीक देवदेवता. ताटावर येशूचं क्रूसारोहण, खाली त्याच्या वस्त्रासाठी फासे टाकणारे सैनिक. ही चित्रं युरोपातल्या छापील कोरीव चित्रांवरून घेतलेली. छापील चित्रात छटा दाखवायला बारीक आडव्याउभ्या रेघा असतात. त्या प्रत्येक रेघेची नक्कल कुंचल्यानं, काळ्या रंगात केलेली. जवळून पाहिलं तर चेहरे किंचित चिनी झालेले दिसतात. हाताला सवय असते, ती कुठेतरी उतरणारच.

सगळ्यात गंमत कोर्नेलिस प्रॉन्कची. १७३४ मध्ये डच कंपनीनं या चित्रकाराला नमुने काढायला पगारी नेमलं. त्यानं एक चित्र काढलं: बाई पाणपक्ष्यांकडे पाहते आहे आणि तिच्यावर दासीनं छत्री धरली आहे. हॉलंडमध्ये बसून कल्पनेनं काढलेल्या चिनी बायका. तो कागद चीनला गेला, आणि चिनी चित्रकारानं, जो रोज खऱ्या चिनी बायका पाहत होता, त्या डच चिनी बायकांची निमूट नक्कल केली. नमुना इतका किचकट होता, की किंमत परवडेना, आणि काही वर्षांत कंपनीनं नाद सोडला.

आणि सॅम्युअल शॉ. १७८४ मध्ये अमेरिकेचं पहिलं व्यापारी जहाज 'एम्प्रेस ऑफ चायना' कँटनला आलं, त्यावरचा हा व्यापार-अधिकारी. अमेरिकी स्वातंत्र्ययुद्धातल्या अधिकाऱ्यांच्या 'सिनसिनाटी' संघाचं चिन्ह त्याला भांड्यांवर हवं होतं. त्यानं कँटनमधला नाणावलेला चित्रकार गाठला आणि त्याच्यापुढे दोन देवींची दोन वेगवेगळी चित्रं, एक योद्धा आणि संघाचं पदक ठेवलं. या सगळ्यांना एकत्र आणून एक प्रसंग रचायचा होता. चित्रकारानं पुनःपुन्हा प्रयत्न केले. शॉ लिहितो, की प्रत्येक आकृती सुटी दिली तर तो हुबेहूब उतरवी. पण एकत्र जुळवणं त्याला साधेना. शेवटी एकट्या कीर्तिदेवीच्या हाती पदक दिलेलं साधं चित्र ठरलं. तशा ३०२ नगांचा संच १७८६ मध्ये खुद्द जॉर्ज वॉशिंग्टननं विकत घेतला.

शॉनं त्या चित्रकाराच्या प्रयत्नांची थट्टा केली आहे. पण त्या माणसाला कोणी सांगितलं होतं का, की ही पंखवाली बाई कोण, कर्णा का फुंकते, शेतावरून लढाईवर जाऊन पुन्हा नांगराकडे परतलेला तो रोमन कोण? गोष्ट ठाऊक नसेल तर माणसं एकमेकांकडे कशी बघतील हे कसं ठरवायचं? त्याच्या ओळखीच्या गोष्टीतली माणसं त्यानं अशी जुळवली असती, की शॉ पाहत राहिला असता. मला स्वतःला तीस-पस्तीस वर्षं सभांमधून ऐकावं लागलंय, 'तुम्ही मुसलमान असून मराठी किती छान उचललीत हो!' जणू मीही कुणाचा कागद समोर ठेवून अक्षरं गिरवतोय. बोलणाऱ्याच्या मनात प्रेमच असतं. तरी त्या क्षणी मला तो कँटनचा चित्रकार शेजारी बसल्यासारखा वाटतो.

या भांड्यांचा एवढा गवगवा असला, तरी व्यापाऱ्याचा खरा माल होता चहा. भांडी जहाजाच्या तळाशी रचत. वजनानं जहाज स्थिर राही, पाणी लागलं तरी भांड्यांचं बिघडत नसे, आणि वर चहाच्या पेट्या कोरड्या राहत. ३ जानेवारी १७५२ रोजी 'खेल्डरमाल्सन' हे डच जहाज दक्षिण चिनी समुद्रात खडकावर आपटून बुडालं. १९८५ मध्ये त्याचा माल वर काढला, तेव्हा दीड लाखाहून जास्त भांडी निघाली, बरीचशी धड. वर साचलेल्या चहाच्या थरानं त्यांना सांभाळलं होतं. पुढच्या वर्षी अॅमस्टरडॅमला लिलाव झाला आणि जहाजात ज्यांची किंमत चहाहून कमी होती, त्या कपबश्यांसाठी लोकांच्या रांगा लागल्या.

चहाचे पैसे चीनला चांदीत मोजावे लागत आणि इंग्रजांना ते सलत होतं. त्यावर तोडगा निघाला तो आपल्या देशातून. मुंबईहून कँटनला कापूस जाऊ लागला, आणि त्यापाठोपाठ माळव्याची अफू. चीनमध्ये अफूला बंदी होती, तरी गेली. जमशेटजी जिजीभाई १७९९ मध्ये पहिल्यांदा चीनला गेले ते याच वाटेनं. याच व्यापारात मोठे झाले, आणि त्यांच्या देणगीतून १८५७ मध्ये मुंबईत जे. जे. कलाशाळा उभी राहिली. मराठी चित्रकारांच्या पिढ्या तिथे घडल्या. परतीच्या जहाजांतून पारशी घरांत चिनी भरतकामाचे 'गारा' आले, चिनी भांडी आली. मुंबईच्या छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात टाटा बंधूंच्या संग्रहातली चिनी भांडी आहेत. कधी गेलात तर त्या काचेपुढे थोडं थांबा. कारागिराचं नाव शोधू नका, मिळणार नाही.

१८३९ ते १८४२ च्या अफूच्या युद्धानं कँटनची ती जुनी व्यवस्था संपवली. १८५० च्या दशकात तैपिंग बंडात जिंगडेझेनच्या भट्ट्या उद्ध्वस्त झाल्या. पण पाश्चात्त्य गिऱ्हाईक त्याआधीच पांगलं होतं. जर्मनीत माइसेनला १७१० मध्येच कारखाना निघाला होता, आणि अठराव्या शतकाच्या मध्याला इंग्रजांनी तांब्याच्या कोरीव पत्र्यावरून कागदावर आणि कागदावरून भांड्यावर चित्र छापायची युक्ती काढली. कुंचल्याची गरजच उरली नाही. त्यांचा सगळ्यात खपलेला नमुना म्हणजे निळं 'विलो': पाण्याकाठी झुकलेलं झाड, पूल, पुलावर तीन माणसं, वर दोन पक्षी. त्याबरोबर चीनमधल्या दोन प्रेमिकांची एक करुण कथा सांगतात. नमुना इंग्लंडमध्ये जुळवलेला, कथाही इंग्लंडमध्येच रचलेली. आणि मग चीनमधल्या चित्रकारांकडे ऑर्डर आली, की आम्हाला हे असं, इंग्लिश चिनी, हातानं रंगवून द्या. त्यांनी दिलं.

माझे आजोबा बोटीवर खलाशी होते. कोकणातल्या आमच्या बहुतेक घरांतले पुरुष मुंबईच्या बोटींवरच असत. त्यांनी कुठल्याशा बंदरातून आणलेलं असं एक निळं ताट दादीच्या फडताळात होतं. शबे-बरातला त्यात हलवा निघायचा, एरवी त्याला कोणी हात लावायचा नाही. मी कॉलेजात गेल्यावर एकदा ते उलटं करून पाहिलं. मागे शिक्का होता, इंग्रजीत: 'मेड इन इंग्लंड'. मी मोठ्या उत्साहानं दादीला वाचून दाखवला.

दादीनं ताट माझ्या हातातून घेतलं, पदरानं पुसलं आणि जागेवर ठेवलं. तिला लिहिता-वाचता येत नव्हतं. "पुलावरची माणसं बघ कुठली आहेत ती," एवढंच म्हणाली.